पाच रविवार रोमच्या विजयस्मारकांचे: दादरच्या एका मराठी वर्गाबद्दल

मी दातांच्या लॅबमध्ये काम करते. दिवसभर प्लास्टरशी गाठ. डॉक्टरांकडून आलेल्या मापात डाय स्टोन ओतायचा, व्हायब्रेटरवर धरून बुडबुडे काढायचे, सुकला की कडा तासायच्या. त्यामुळे शिवाजी पार्कजवळच्या एका छोट्या सभागृहात रोमन विजयस्मारकांवर मराठीतून वर्ग आहे आणि टायटसच्या कमानीवरच्या एका शिल्पाची प्लास्टरची प्रतिकृती हाताळायला मिळणार आहे, असं मैत्रिणीने सांगितलं तेव्हा मी त्याच संध्याकाळी पैसे भरले. अडीच हजार रुपये, पाच रविवार, सकाळी दहा ते साडेबारा, मध्ये चहा. आम्ही बावीसजण होतो.

दुसरं कारण घरचं. आम्ही बेने इस्राएल, म्हणजे कोकणातले मराठी ज्यू. इ.स. ७० मध्ये रोमन सेनापती टायटसच्या सैन्याने जेरुसलेमचं मंदिर जाळलं, त्याचा शोक आम्ही अजून पाळतो. जगभरचे ज्यू त्या दिवसाला तिशा बआव म्हणतात, आमच्याकडे जुन्या माणसांच्या तोंडी तो बिरड्याचा सण, वालाच्या बिरड्यावरून. आई दोन दिवस आधी वाल भिजत घालायची, मोड आले की जमिनीवर फडकं पसरून सोलत बसायची आणि आम्हा मुलांनाही बसवायची. तो रोजा, म्हणजे उपास, कशासाठी हे मला तिने सांगितलं, पण ज्यांनी मंदिर पाडलं त्यांनी त्याचं दगडात काय करून ठेवलं ते मी कधी पाहिलं नव्हतं.

पहिला रविवार मला आवडला नाही, हे आधीच सांगते. टायटसच्या कमानीवरच दीड तास होता. सरांनी कमान उभी कशी राहते, मधला कळीचा दगड कसा बसतो, खांबांच्या शिरांवर दोन शैली एकत्र कशा केल्या आहेत, हे सगळं फळ्यावर काढून समजावलं. मध्ययुगात ही कमान एका सरदार घराण्याच्या गढीच्या भिंतीत गाडली गेली होती. एकोणिसाव्या शतकात वालादिए नावाच्या वास्तुविशारदाने ती मोकळी करून पुन्हा उभी केली आणि नवा भाग मुद्दाम वेगळ्या दगडात, ट्रॅव्हर्टाइनमध्ये, साधा ठेवला, म्हणजे जुनं संगमरवर कुठलं ते कळावं. हे ऐकून मला फार बरं वाटलं, चांगली दुरुस्ती अशीच असते. पण शिल्पातली सात फांद्यांची सोन्याची समई आली तेव्हा सर म्हणाले, ‘ही लूट’, आणि पुढची स्लाइड.

चहाच्या वेळी मी त्यांच्याकडे गेले. म्हटलं, ‘सर, ती समई म्हणजे मेनोरा. ती कुठून आणली, तिथे काय झालं, हे सांगितल्याशिवाय ती कमान समजेल कशी? ती उभीच त्यासाठी केली ना?’ त्यांनी कप बाजूला ठेवून पूर्ण ऐकून घेतलं. ‘बरोबर आहे ताई, पुढचा रविवार इथूनच सुरू करतो,’ म्हणाले. आणि खरोखर केला. मी हा अभिप्राय लिहायला बसले ती मुख्यतः त्या दुसऱ्या रविवारमुळे.

इ.स. ७१ मध्ये या विजयासाठी रोममध्ये निघालेली विजययात्रा योसेफस या ज्यू इतिहासकाराने लिहून ठेवली आहे. तो आधी रोमनांविरुद्ध लढलेला, मग त्यांच्या हाती लागून त्यांच्याच आश्रयाला राहिलेला माणूस. सरांनी त्याचं वर्णन स्वतः मराठीत उतरवून आणलं होतं आणि न थांबता वाचून दाखवलं. तीन-तीन, चार-चार मजल्यांचे चित्ररथ. त्यांवर कोसळणाऱ्या तटबंद्या, पेटलेली घरं, हात जोडून दयेची याचना करणारी माणसं, आणि प्रत्येक रथावर त्या पडलेल्या शहराचा सेनापती, ज्या अवस्थेत पकडला त्याच अवस्थेत उभा केलेला. शिवाजी पार्कवरच्या संचलनातले चित्ररथ पाहत वाढलेल्या लोकांना मजले, माणसं, हलणारी दृश्यं हे वेगळं समजवावं लागलं नाही. सभागृहात पंख्याचा आवाज तेवढा येत होता.

लुटीत आधी सोन्याचं मेज, मग मेनोरा, आणि सगळ्यात शेवटी ज्यूंच्या धर्मशास्त्राची गुंडाळी. कमानीवर मेज आहे, मेनोरा आहे, चांदीचे कर्णे आहेत. ती गुंडाळी नाही. आमच्या सिनेगॉगमध्ये सेफर तोरा, म्हणजे तशीच गुंडाळी, बाहेर काढतात तेव्हा लोक पुढे सरसावून तिला हात लावतात आणि तो हात ओठांना लावतात. तीच गोष्ट रोमच्या रस्त्यावरून लुटीचा शेवटचा नग म्हणून नेली गेली, हे मला त्या सकाळी पहिल्यांदा कळलं.

मिरवणूक कॅपिटोल टेकडीवर ज्युपिटरच्या देवळापाशी पोचली की थांबायची. शत्रूचा मुख्य सेनापती मारल्याची बातमी येईपर्यंत पुढचा विधी होत नसे. त्या दिवशी तो सेनापती होता सिमोन बार गिओरा. गळ्यात दोर बांधून त्याला फोरममधून, म्हणजे रोमच्या मुख्य चौकातून, ओढत नेलं, मारलं, बातमी आली, लोकांनी जल्लोष केला, मग बळी दिले गेले. म्हणजे ही हत्या उत्सवाच्या कार्यक्रमपत्रिकेतच होती. सरांनी इथे आवाज चढवला नाही की उतरवला नाही, आणि मला ते योग्य वाटलं.

त्यानंतर पैशाचा हिशेब आला, आणि वर्गातल्या एका निवृत्त बँकवाल्या काकांनी तो सगळा वहीत उतरवून घेतला. ज्यू लोक आपल्या मंदिरासाठी दरवर्षी जी वर्गणी देत, तीच युद्धानंतर रोमने कर म्हणून लावली आणि ज्युपिटरच्या देवळाच्या नावे वळवली. लूट ठेवायला इ.स. ७५ मध्ये टायटसच्या वडिलांनी, सम्राट व्हेस्पेसियनने, नवं देऊळ उभारलं, त्याचं नाव शांतीदेवीचं देऊळ. कोलोसियमही या लुटीच्या पैशातून बांधलं, असं तिथल्या एका दगडावरच्या अक्षरांच्या खिळ्यांची भोकं वाचून अभ्यासकांनी मांडलं आहे. अक्षरं गेली, भोकं राहिली, आणि भोकांवरून वाक्य लावलं. नाण्यांवर खजुराचं झाड आणि त्याखाली बसून रडणारी बाई, लॅटिनमध्ये ‘जुडिया जिंकला’, जुडिया म्हणजे ज्यूंचा प्रांत. अशा एका नाण्याची धातूची नक्कल सरांनी सगळ्यांच्या हातातून फिरवली. ती बाई माझ्या अंगठ्याच्या नखाएवढी होती.

आता त्या प्रतिकृतीबद्दल. ती तिसऱ्या रविवारी आली, टेम्पोतून, जाड फोममध्ये गुंडाळून. मूळ शिल्प साधारण दोन मीटर उंच आणि जवळजवळ चार मीटर रुंद आहे, ही त्याच्या एक चतुर्थांश आकाराची. लॅबच्या सवयीने मी आधी मागची बाजू पाहिली. ओतकाम चांगलं आहे, आत काथ्या घातलेला, कडांना जाडी सारखी. पुढून बुडबुडे जवळजवळ नाहीत. दोन-तीन डोक्यांच्या मागे, जिथे खोल अंडरकट, म्हणजे आत वळलेली खाच, आहे, तिथे साचा फाटल्याची बारीक शीर दिसते, पण एवढ्या खोलीत ती कोणाच्याही हातून राहील.

हात फिरवल्याशिवाय जे कळलं नसतं ते हे. मेनोरा सरळ उभी नाही, किंचित कललेली आहे, कारण ती माणसांच्या खांद्यावर आहे आणि माणसं चालताहेत. मागची डोकी नुसती रेघेसारखी उमटलेली, पुढची जवळजवळ सुटी. उजवीकडची कमान तिरकी कोरली आहे, त्यामुळे मिरवणूक आपल्या समोरून वळून तिच्यात शिरते असं वाटतं. वर काठ्यांवर पाट्या आहेत, कोऱ्या. एके काळी त्यांवर मजकूर रंगवलेला असावा. २०१२ मध्ये तपासणी करणाऱ्यांना मेनोऱ्यावर पिवळ्या गेरूचे कण सापडले, म्हणजे ती सोन्यासारखी पिवळी दिसत होती. मेनोऱ्याची खालची थरांची, कोनांची बैठक मी बोटाने चाचपली. ती मला ओळखीची होती. मामा इस्राएलला गेला, त्याच्या पासपोर्टवर हीच मेनोरा छापलेली आहे, दोन्ही बाजूंना ऑलिव्हच्या फांद्या. १९४९ मध्ये त्या देशाने आपलं राजचिन्ह ठरवलं तेव्हा ती आकृती या कमानीवरूनच घेतली. जिंकणाऱ्यांनी मिरवायला कोरलेली वस्तू हरलेल्यांच्या वारसांनी आपल्या पासपोर्टवर घेतली. मी तिथेच सगळ्यांना मामाचं सांगितलं. सरांना राजचिन्हाचं माहीत होतं, पण ते गप्प राहिले आणि मला पूर्ण सांगू दिलं.

त्याच दिवशी सम्राट ट्राजनचा स्तंभही होता. सरांनी त्याची सर्पिल पट्टी एक विसांश प्रमाणात कागदावर छापून घेतली होती. बाकांवर उलगडली तर दहा मीटर भरली, दारापासून व्यासपीठापर्यंत. मूळ पट्टी दोनशे मीटरच्या आसपास, स्तंभाभोवती तेवीस वेढे, सुमारे अडीच हजार माणसं. डेशियाच्या, म्हणजे आजच्या रोमानियाकडच्या, दोन युद्धांची ही गोष्ट, इ.स. १०१ ते १०६ मधली, आणि स्तंभ ११३ चा. कागदाच्या कडेने चालत जाताना लक्षात येतं की लढाया त्या मानाने कमीच. झाडं तोडणं, किल्ल्याच्या भिंती रचणं, होड्यांच्या पुलावरून नदी ओलांडणं, जखमी शिपायाच्या मांडीला पट्टी बांधणं, हेच जास्त. मग डेशियाचा राजा डेसिबालस एका झाडाखाली स्वतःच्या गळ्याला सुरी लावतो. आणि अगदी शेवटी गुरंढोरं घेऊन घर सोडून निघालेली माणसं. पट्टीपेक्षा चांगलं साधन मी कुठल्याच वर्गात पाहिलेलं नाही.

चौथा रविवार घाईचा झाला. सेप्टिमियस सेव्हेरस आणि कॉन्स्टंटाइन या नंतरच्या सम्राटांच्या कमानी, दोन्ही एकाच सकाळी बसवल्या. हे दोन वेगळे रविवार हवेत. सेव्हेरसच्या धाकट्या मुलाला, गेटाला, थोरल्या भावाने मारवलं आणि मग कमानीवरून त्याचं नाव खोडून तिथे दुसरे शब्द बसवले, हे पाच मिनिटांत उरकलं. कॉन्स्टंटाइनच्या कमानीवर ट्राजन, हेड्रियन, मार्कस ऑरेलियस यांच्या स्मारकांवरची शिल्पं उचलून लावली आहेत आणि त्यांतले सम्राटांचे चेहरे पुन्हा तासून कॉन्स्टंटाइनचे केले. तासून नवा चेहरा करायचा तर दगड कमीच होणार, वाढणार नाही. मग डोकं धडाच्या मानाने लहान पडतं का, हे मला विचारायचं होतं. वेळ संपली होती.

पाचवा रविवार गेटवेवर. सकाळी आठला जमलो तरी गर्दी झालीच, आणि सरांकडे माइक नव्हता. मागच्या पाच-सहा जणांना काही ऐकू आलं नाही. आयोजकांनी पुढच्या वेळी साधा कमरेचा स्पीकर जरूर घ्यावा. जे ऐकू आलं ते मात्र मोलाचं. १९११ मध्ये पंचम जॉर्ज इथे उतरला तेव्हा ही कमान नव्हतीच. पायाभरणी १९१३ ची, विटेट या वास्तुविशारदाचा आराखडा, काम पूर्ण १९२४ मध्ये. वरच्या लेखात साल चक्क रोमन आकड्यांत कोरलं आहे, MCMXI म्हणजे १९११, आणि ‘एम सी एम एक्स आय’ म्हणत सरांनी एकेक अक्षर आमच्याकडून वाचून घेतलं. आणि २८ फेब्रुवारी १९४८ रोजी ब्रिटिश फौजेची शेवटची तुकडी याच कमानीतून बोटीकडे गेली. रोमच्या ज्यूंमध्ये टायटसच्या कमानीखालून न जाण्याची रीत होती, हे सरांनी तिथे उभं राहून सांगितलं. त्यानंतर आमच्यापैकी बरेचजण गेटवेखालून चालत समुद्राकडे गेले. मीही गेले.

व्यवहाराच्या दोन गोष्टी. टिपणांची पुस्तिका चाळीस पानी, भाषा स्वच्छ, पण फोटो इतके काळे छापले आहेत की शिल्पातलं काही दिसत नाही. पैसे थोडे वाढवा, पण कागद बदला. खुर्च्या कडक, पाठीचा त्रास असेल तर उशी न्या. चहा चांगला. सभागृह पहिल्या मजल्यावर, लिफ्ट नाही. इतिहास अजिबात माहीत नसेल तरी चालेल, माझ्या शेजारची बारावीची मुलगी शेवटपर्यंत आली आणि सगळ्यात चांगले प्रश्न तिनेच विचारले.

पुढची तुकडी पावसाळ्यानंतर आहे. आईला यायचं आहे, तिला ऐकू कमी येतं आणि जिना हळू चढते. मी सरांना विचारलं की तिच्यासाठी पुढची खुर्ची आणि प्रतिकृती दुसऱ्याच रविवारी आणता येईल का. टेम्पोवाल्याशी बोलतो म्हणाले, आणि काल त्यांचा फोन आला, जमलंय.