सूडाचे दोन सिनेमे: कोल्हापूरच्या शाहू स्मारक सभागृहात कुठला लावायचा?

सिनेमातल्या हिंसेनं दचकणं कोल्हापूरला नवं नाही. बाबूराव पेंटरांच्या 'सैरंध्री' या मूकपटातला (1920) कीचकवध इतका खरा वाटला की सेन्सॉरनं कात्री चालवली. प्रश्न आहे तो स्वीडिश दिग्दर्शक बर्गमनचा 'द व्हर्जिन स्प्रिंग' (1960) लावायचा की गास्पार नोएचा फ्रेंच सिनेमा 'इर्रिव्हर्सिबल' (2002), एवढाच.

बर्गमन सरळ क्रमानं जातो. मुलीचा खून करणारे तिचेच कपडे तिच्या आईला विकायला काढतात. मग बाप बर्चचं कोवळं झाड अंगाच्या भारानं पाडतो, त्याच्या फांद्यांनी अंघोळ करतो, आणि मगच सुरा उचलतो. ही तयारी मारण्यापेक्षा जास्त अंगावर येते.

नोए उलटा चालतो: आधी सूड, कारण नंतर. शिवाय मारला जातो भलताच माणूस, त्यामुळे 'बरं झालं' म्हणायची सोयच उरत नाही. ज्याचा हा सूड, तो भुयारी मार्गातला बलात्कार सुमारे नऊ मिनिटं, कॅमेरा जवळपास जागचा न हलवता. सुरुवातीच्या अर्ध्या तासात सुमारे 27 हर्ट्झचा, म्हणजे अगदी खोल, घुमारा आहे, मळमळ व्हावी म्हणूनच घातलेला. सबवूफर (खोल आवाजाचा स्पीकर) नसेल तर हा परिणाम गेलाच म्हणून समजा. फाइल तपासा, 2019 ची सरळ क्रमाची आवृत्ती चुकून लागली तर सगळी रचनाच कोसळते.

नव्या प्रेक्षकांसाठी बर्गमन. नोए लावायचाच तर आधी स्पष्ट सूचना द्या, दाराजवळच्या खुर्च्या मोकळ्या ठेवा आणि मध्यंतर नको. 97 मिनिटांचाच तर आहे.