लांब पल्ल्याच्या वाटेवरची डॉक्युमेंट्री: एकट्याने करायची की टीम घेऊन?

अमेरिकेतल्या पायवाटा घ्या: पॅसिफिक क्रेस्ट ट्रेल सुमारे ४,२६५ किलोमीटरची, अपालाचियन ट्रेल साधारण ३,५०० किलोमीटरची. अशा वाटेवर चार-सहा महिने चालण्याची डॉक्युमेंट्री करायची म्हटलं की लोक आधी कॅमेरा कुठला घ्यावा ते विचारतात. त्याआधी ठरवायला हवं ते हे, की कॅमेरा कोणाच्या हातात असणार. चालणाऱ्याच्याच, की सोबतच्या टीमच्या?

एकट्याचं काम स्वस्त पडतं, पण पायांना महाग जातं. आपण पाठमोरे दूर जातोय असा ५० मीटरचा साधा शॉट घ्या. ट्रायपॉड लावा, चालत जा, कॅमेरा उचलायला परत या आणि तीच वाट पुन्हा तुडवा. झाले १०० मीटर जास्तीचे. दिवसाला असे २० शॉट घेतले तर २ किलोमीटर वाढले. थंडीत लिथियम बॅटरी लवकर मान टाकते, म्हणून रात्री बॅटऱ्या स्लीपिंग बॅगमध्ये अंगाशी घेऊन झोपायचं. सेकंदाला १०० मेगाबिटने फोर-के व्हिडिओ घेतलात तर तासाला ४५ जीबी भरतात, आणि पुढचं गाव येईपर्यंत आहेत त्या कार्डांवरच भागवायचं.

एवढं करूनही नेमकी कठीण घटका निसटते. पावसात बोटं बधिर झालीत, तंबूचे खुंटे चिखलात धरत नाहीत, तेव्हा कॅमेरा काढायचं कोणाच्या मनात येणार? एडिटिंगला बसल्यावर सूर्योदय ढीगभर सापडतात, वादळ मात्र निवेदनात सांगावं लागतं.

टीम असेल तर ते वादळ मिळू शकतं. आवाजही चांगला मिळतो, आणि मला तर टीमचा खरा फायदा तिथेच दिसतो. वारा सांभाळत माईक धरणारा माणूस असला की श्वास, बुटांखालची खडी, ओढ्याचं पाणी सगळं स्वच्छ येतं. पण तिघांची टीम महिनोन्‌महिने सोबत चालणं बहुतेकांच्या बजेटबाहेरचं. मग ती भेटते रस्ता वाट ओलांडतो तिथे, म्हणजे रान सर्वांत विरळ असतं तिथे. शिवाय मागे माणसं आहेत म्हटल्यावर चालणाऱ्याचा एकटेपणाच मोडतो. तो थांबतो, वळून बघतो, त्यांच्यासाठी वेग कमी करतो.

ड्रोनच्या भरवशावर टीमचा आराखडा आखू नका. अमेरिकेच्या राष्ट्रीय उद्यानांत २०१४ पासून ड्रोनवर बंदी आहे, आणि १९६४च्या कायद्याने राखलेल्या वन्यक्षेत्रांतही ते उडवता येत नाहीत.

फिल्म एका माणसाच्या मनाची असेल तर मी डोळे झाकून एकट्याचा मार्ग सांगेन. तंबूत टॉर्चच्या उजेडात कॅमेऱ्याशी बोललेलं चार माणसांसमोर कोणी बोलत नाही. विषय जंगल, प्राणी किंवा वाट राखणारे लोक असा असेल तर टीम हवीच, कारण तिथे दिवसदिवस एका जागी बसावं लागतं आणि चालणाऱ्याला ते परवडत नाही. पैसे थोडे असतील तर सगळा प्रवास एकट्याने चित्रित करा आणि सर्वांत अवघड टप्प्यासाठी, सोबत चालू शकेल असा एकच छायाचित्रकार दोन आठवडे बोलवा. एरवी कॅमेरा सॅकच्या तळाशी न ठेवता खांद्याच्या पट्ट्याला अडकवा, आणि निघण्यापूर्वी तो ओल्या हातमोज्यांनी सुरू करता येतो का ते पाहून घ्या.