उपनिषदं इंग्रजीतून वाचायची तर कोणतं भाषांतर घ्यावं?

आधी एवढं ठरवा: शंकराचार्यांनी लावलेला अर्थ वाचायचाय, की भाष्य बाजूला ठेवून मूळ पाठ काय म्हणतो ते? हे ठरलं की अर्धी पुस्तकं आपोआप गळतात.

पारख करायला छांदोग्य उपनिषदातलं ६.८.७ उघडावं. ‘तत्त्वमसि’चं भाषांतर राधाकृष्णन परंपरेप्रमाणे ‘ते तू आहेस’ असं करतात. संस्कृतचे अभ्यासक पॅट्रिक ऑलिव्हेल मात्र ‘तू तसाच आहेस’ या अर्थाने घेतात. ‘तत्’ नपुंसकलिंगी, आणि ज्याला हे सांगितलं जातंय तो श्वेतकेतू पुल्लिंगी. दोघांचं ऐक्यच सांगायचं असतं तर जुन्या गद्यात ‘स त्वम्’ आलं असतं, असा त्यामागचा युक्तिवाद. ‘ते तू आहेस’ हे महावाक्य लहानपणापासून कानावर असलेल्याला हे खटकतंच. पण ऑलिव्हेल अशी जागा टिपेत उलगडून दाखवतात, म्हणून एकच पुस्तक घ्यायचं असेल तर आम्ही त्यांचं सुचवू. ऑक्सफर्डच्या १९९६च्या आवृत्तीत बारा उपनिषदं आहेत, इंग्रजी आजची आहे. अडचण अशी की टिपा शेवटी दिल्यात, त्यामुळे दोन बुकमार्क लागतात, आणि मूळ संस्कृत त्यात नाही. ते हवं असेल तर १९९८ची मोठी आवृत्ती पाहावी. तिच्यात रोमन लिपीतला पाठ आहे.

राधाकृष्णन यांचा ग्रंथ १९५३चा. अठरा उपनिषदं, रोमन लिपीत मूळ, खाली भाषांतर आणि टीप. जाबाल, कैवल्य, पैंगल अशी सहसा न मिळणारी उपनिषदंही त्यात सापडतात. मात्र टिपांमधून पाश्चात्त्य तत्त्वज्ञांचे आणि संतांचे दाखले इतके येतात की नवख्या वाचकाला मंत्र कुठे संपला आणि तुलना कुठे सुरू झाली, हे कळेनासं होतं.

शंकराचार्यांचं भाष्य हवं असेल तर अद्वैत आश्रमाचे स्वामी गंभीरानंदांचे दोन खंड: पहिल्यात ईश, केन, कठ, तैत्तिरीय, दुसऱ्यात ऐतरेय, मुंडक, मांडूक्य, प्रश्न. मंत्र देवनागरीत असल्याने मराठी वाचकाला इथे सगळ्यात कमी अडखळायला होतं. मांडूक्याचे मंत्र बाराच, पण गौडपादाचार्यांच्या २१५ कारिका (त्याचा अर्थ उलगडणारे श्लोक) सोबत असल्याने ते एकटंच भरपूर जागा घेतं. वाचताना हमखास चूक होते ती पूर्वपक्षाची. आचार्य आधी प्रतिपक्षाचं म्हणणं सविस्तर मांडतात आणि मग खोडतात. घाईत वाचणारा ते म्हणणंच आचार्यांच्या नावावर खपवतो. म्हणून पहिल्या वाचनात नुसते मंत्र आणि त्यांचं भाषांतर वाचावं, भाष्य दुसऱ्या फेरीत. बृहदारण्यक आणि छांदोग्य या दोन खंडांत नाहीत. त्यांची भाष्यासह पुस्तकं वेगळी घ्यावी लागतात, बृहदारण्यकासाठी स्वामी माधवानंदांचं.

फुकटात मिळतं ते जर्मन पंडित मॅक्सम्युलरचं, १८७९ आणि १८८४चं. ‘च’ आणि ‘ज’साठी त्याने तिरप्या ठशातली ‘के’ आणि ‘जी’ ही रोमन अक्षरं वापरली होती. नेटवरच्या साध्या प्रतींत तिरपेपणा उडतो आणि नचिकेत ‘नकिकेतस्’ होतो, प्रजापती ‘प्रगापति’. नेहमीच्या स्पेलिंगने शोधलं तर काहीच सापडत नाही, ते यामुळे. शिवाय बृहदारण्यक ६.४मधले काही मंत्र त्याने इंग्रजीत आणलेच नाहीत. ताडून पाहायला ठीक, सलग वाचायला नको.

एकनाथ ईश्वरन यांचं पुस्तक वाचायला सगळ्यात सोपं आणि ध्यानाकडे कल असणाऱ्यांना आवडणारं. मात्र बृहदारण्यक-छांदोग्याचे त्यात वेचेच आहेत. याज्ञवल्क्य-मैत्रेयी संवाद मूळ बृहदारण्यकात दोनदा येतो, २.४ आणि ४.५ला, थोड्या फरकाने. हे दोन पाठ शेजारी ठेवून पाहायचे असतील तर संक्षिप्त पुस्तक घेऊ नये; आणि ऑनलाइन मागवताना अनुक्रमणिकेचं पान बघितल्याशिवाय पैसे भरू नयेत, कारण ‘निवडक’ हा शब्द मुखपृष्ठावर असेलच असं नाही.