हिरवी टिक आणि 24 फोन: न्यू जर्सीत मेडिकेडचा दातांचा विमा, 14 महिन्यांनंतर

फेब्रुवारीतली रात्र, दीड वाजलेला. धाकटी गालाला हात लावून बिछान्यात बसलेली आणि गाल पुरीसारखा टम्म फुगलेला. सासूबाई साताऱ्याहून व्हिडिओवर सांगतायत, "अगं, दाढेत लवंग दाबून धर." लवंग धरली, तर पोरगी आणखीच जोरात ओरडली. विमा होता. कार्डही पर्समध्ये होतं. नव्हता तो डेंटिस्ट.

तीन वाजता इमर्जन्सीत गेलो. तिथे अँटिबायोटिक आणि दुखायचं औषध दिलं, दाढेला मात्र कुणी हात लावला नाही. "सकाळी डेंटिस्टला दाखवा." बरं.

मेडिकेड म्हणजे कमी उत्पन्नवाल्यांचा सरकारी आरोग्य विमा. आमच्या राज्यात त्याला न्यू जर्सी फॅमिलीकेअर म्हणतात आणि तो विमा कंपन्यांच्या प्लॅनमार्फत मिळतो. प्लॅन कसा निवडायचा, हे तुम्हाला ठाऊक आहे असं धरून चालते. आमचं सांगायचं तर नवऱ्याचं कॉन्ट्रॅक्ट संपलं, माझी डेकेअरमधली अर्धवेळ नोकरी उरली आणि चौघांचं उत्पन्न मर्यादेखाली आलं. 2025 च्या हिशोबाने मोठ्यांसाठी ती मर्यादा चौघांच्या घराला वर्षाला साधारण 44 हजार डॉलर. मुलांची मर्यादा दारिद्र्यरेषेच्या 355 टक्क्यांपर्यंत जाते, म्हणजे चौघांच्या घराला लाखाच्याही वर. हे आपल्यातल्या पुष्कळांना माहीतच नसतं आणि ज्यांना असतं ते बोलत नाहीत. एडिसनला हळदीकुंकवात एकीने आवाज खाली आणून विचारलं, "मेडिकेड? तुम्ही?" हो बाई, आम्ही. कर भरलाय, ग्रीन कार्डाला नऊ वर्षं झालीत, आता दाढ दुखतेय.

तर ती यादी. प्लॅनच्या साइटवर "डेंटिस्ट शोधा" दाबलं की नावं येतात आणि प्रत्येक नावापुढे "नवीन पेशंट घेतात" अशी हिरवी टिक. माझा सगळा रिव्ह्यू खरं तर या टिकेबद्दलच आहे, आधीच सांगते. नवरा म्हणतो मी त्या टिकेला धरून बसलेय. बसलेय.

सकाळी आठपासून फोन सुरू केले. किराण्याच्या वहीच्या मागच्या पानावर नोंदी आहेत, अजून जपून ठेवलंय ते पान. एकूण 24 फोन. नऊ ठिकाणी "आम्ही हा प्लॅन कधीच सोडला". पाच नंबर चुकीचे किंवा बंद, त्यातला एक बबल टीच्या दुकानाचा. तिथल्या मुलाने अगदी प्रेमाने सांगितलं की असे फोन त्याला नेहमी येतात. चार ठिकाणी फक्त मोठ्यांचे दात बघतात. तिघं नवीन पेशंट घेत नाहीत. दोघांनी तारीख दिली ती साडेतीन महिन्यांनंतरची. चोविसावी बाई म्हणाली, "आज साडेचारला येता येईल का?" मी फोनवरच रडले. तिला वाटलं, मला वेळ जमत नाहीये.

या चोवीसच्या चोवीस नावांपुढे हिरवी टिक होती.

मग मी सरकारी "इन्शुअर किड्स नाऊ" साइटही पाहिली. मुलांचे डेंटिस्ट तिथे दाखवायचे हे 2009 च्या कायद्याने बंधनकारक आहे. पण तिथली माहितीही शेवटी प्लॅनकडूनच राज्यामार्फत जाते. तेच नंबर, तीच बबल टी.

असं का होतं ते मला नंतर उमगलं. राज्य प्लॅनला दर माणशी दर महिना ठरलेली रक्कम देतं. माझ्या मुलीने दाढ दाखवली काय, न दाखवली काय, त्या महिन्याचे पैसे प्लॅनला मिळालेलेच असतात. उलट डेंटिस्ट सापडला नाही तर तेवढा खर्च वाचतो. कुणी मुद्दाम करतं असं मी म्हणत नाही. पण यादी दुरुस्त करायची घाई कुणाला असेल, तुम्हीच सांगा. डेंटिस्टांचीही बाजू आहे म्हणा. मेडिकेडचे दर खाजगी विम्यापेक्षा कमी, कागदपत्रं जास्त आणि आम्हा लोकांच्या अपॉइंटमेंट बुडतात. माझीही एक बुडली आहे, बस चुकल्यामुळे. (त्याचे पैसे त्यांना मेडिकेडवाल्याकडून घेता येत नाहीत. मागितले तर देऊ नका.)

त्या रात्री इमर्जन्सीच्या खुर्चीत बसून मी फोनवर डेमॉन्टे ड्रायव्हरबद्दल वाचलं. वाचायला नको होतं. मेरीलँडमधला 12 वर्षांचा मुलगा, 2007 साली किडलेल्या दाताचं इन्फेक्शन मेंदूपर्यंत गेलं आणि दोन ऑपरेशनं होऊनही तो वाचला नाही. दात काढायला साधारण 80 डॉलर लागले असते. त्यानंतर मेरीलँडने मुलांचे दात वेगवेगळ्या प्लॅनमधून काढून 2009 पासून राज्यभर एकाच व्यवस्थेखाली आणले. एकच व्यवस्था, एकच यादी. आमच्याकडे ज्याची त्याची यादी आणि ज्याची त्याची टिक.

आता चांगलं सांगते, कारण साडेचारच्या त्या डॉक्टरीणबाईंनी माझं मत बरंच फिरवलं. फुगलेली दुधाची दाढ काढली. पक्की दाढ यायला अजून तीन-चार वर्षं आहेत, तोवर शेजारचा दात सरकू नये म्हणून जागा राखणारी तार बसवली. दुसरी एक दाढ बरीच किडलेली होती, तिच्यावर स्टीलची कॅप. सासूबाईंना ती कॅप अजून खटकते ("पोरीच्या तोंडात स्टील कसलं?"), पण दुधाच्या दाढेला ती टिकते आणि एरवी दाढेसोबत पडूनच जाणार आहे. थोरल्याच्या चार पक्क्या दाढांवर सीलंट (किडू नयेत म्हणून लेप), दोघांना फ्लोराइड. मी बिलाची वाट बघत राहिले. बिल आलंच नाही. माझ्यासारखीला बिल न येणं पचत नाही, म्हणून फोन करून विचारलं. शून्य.

यामागे कायदा आहे. 21 वर्षांखालच्या मुलांना वैद्यकीयदृष्ट्या गरजेचे दातांचे सगळे उपचार द्यायचे, हे मेडिकेडमध्ये प्रत्येक राज्यावर बंधनकारक आहे. वर्षाला इतकेच डॉलर अशी मर्यादा त्यावर घालता येत नाही. नवऱ्याच्या जुन्या कंपनीच्या विम्यात वर्षाला 1,500 डॉलरची मर्यादा होती आणि वर हप्ताही कापला जायचा. म्हणजे कागदावर मुलांसाठी हा विमा त्याहून सरस. फक्त ब्रेसेसचं स्वप्न बघू नका. त्यासाठी दातांची ठेवण मोजून गुण देतात आणि थोरल्याला 26 गुण हवे असताना 14 पडले. नुसते वाकडे दात पुरत नाहीत, ते चांगलेच वाकडे असावे लागतात.

मोठ्यांची गोष्ट निराळी. मोठ्यांचे दात ही राज्याच्या मर्जीची बाब. न्यू जर्सी साफसफाई, फिलिंग, रूट कॅनाल, कॅप, कवळी असं बरंच देतं. माझी नणंद टेक्सासला असते. तिथे मुलांना दातांचा वेगळा प्लॅन आणि ठरलेला डेंटिस्ट मिळतो, पण आमच्याएवढं कमावणाऱ्या आईबापांना मेडिकेडच मिळत नाही, मग दातांचं काय घेऊन बसलात. आणि मर्जी फिरू शकते. कॅलिफोर्नियाने 2009 साली मोठ्यांचे बहुतेक दंतोपचार बंद केले होते, ते पूर्ण परत यायला 2018 उजाडलं. आता 2027 पासून आमच्यासारख्या मोठ्यांना महिन्याला 80 तास कामाचा पुरावा द्यायचा नियम लागू होतोय. लहान मुलांच्या आईबापांना सूट आहे, धाकटी 14 ची होईपर्यंत तरी आम्ही त्यात बसतो. तेवढ्यात नवऱ्याने तोंडातलं सगळं उरकून घ्यावं असा माझा धोशा आहे.

उरकायला गेलो आणि तिथेच भांडण झालं. त्याच्या खालच्या दाढेचं रूट कॅनाल झालं, त्यावर कॅप हवी होती. कॅपला आधी मंजुरी लागते. पत्र आलं: नामंजूर, गरज सिद्ध होत नाही. रिसेप्शनवाली म्हणाली, रोखीने 1,350 डॉलर, हप्त्यांत द्या. वर असंही सुचवलं की 200 डॉलर भरून "चांगली" कॅप घेतलीत तर ती "बघेल". मी त्या कागदावर सही केली नाही. मंजूर उपचारासाठी प्लॅनमधल्या डेंटिस्टला वरचे पैसे मागता येत नाहीत, हे मी वाचून गेले होते. आमच्या आईने भाजीवाल्याशी चार आण्यांसाठी जी मान ताठ ठेवली, तीच माझ्याकडे आली आहे.

पत्राच्या मागच्या पानावर बारीक अक्षरांत अपिलाची माहिती असते. 60 दिवसांत अपील करायचं, प्लॅनने साधारण 30 दिवसांत उत्तर द्यायचं, तिथे नाही जमलं तर राज्याकडे सुनावणी. मी प्लॅनला फोन करून नेमकं काय कमी पडलं ते विचारलं. रूट कॅनालनंतरचा एक्स-रे जोडलाच नव्हता! तो मिळवला, एका पानाचं पत्र लिहिलं, पोस्टाने रजिस्टर्ड पाठवलं. 19 दिवसांत मंजुरी आली. पाच मिनिटांच्या एक्स-रेपायी तात्पुरत्या सिमेंटवर सात आठवडे गेले आणि नवरा तेवढे दिवस एका बाजूने भाकरी चावत होता.

या फोनांमध्ये एक मजा झाली. दुभाषी फुकट मिळतो हे पत्रासोबतच्या भाषांच्या यादीत लिहिलेलं असतं. त्यात गुजराती आहे, हिंदी आहे, मराठी नाही. तरी मी हट्टाने "मराठी" म्हटलं. चार मिनिटं संगीत वाजलं आणि पलीकडून एक काकू म्हणाल्या, "नमस्कार, बोला." मला इंग्रजी येतं, गरज अशी नव्हती. पण "दाढ ठणकते" हे मला ठणकते असंच सांगायचं होतं.

माझे तारे सुरुवातीला पाचपैकी दोन होते. दाढेच्या दिवसानंतर मुलांसाठी साडेचार केले, कॅपनंतर मोठ्यांसाठी तीन. यादीला मात्र मी काहीच देणार नाही. 2024 च्या केंद्रीय नियमांत गुपचूप फोन करून अशा याद्या आणि अपॉइंटमेंटची वाट तपासायचं ठरलं आहे, तेही 2028 पासून. त्यात नेहमीचे डॉक्टर, स्त्रीरोग आणि मानसिक आरोग्य नावानिशी आहेत, चौथा प्रकार राज्याने निवडायचा. चौथे म्हणून दात निवडा म्हणून मी राज्याला ईमेल केली आहे.

प्लॅनलाही वहीच्या पानाचा फोटो जोडून तक्रार केली होती. "माहिती तपासली जात आहे" असं उत्तर आलं. काल रात्री पुन्हा यादी उघडून पाहिली. बंद पडलेल्या नंबरांपैकी दोन काढलेत. बबल टी अजून नवीन पेशंट घेते.