हप्ता तोच राहिला, मुदत मात्र २० वर्षांची २९ झाली

गेले दोन महिने हे लिहू की नको चाललंय माझं, घरातली गोष्ट चारचौघांत सांगायला बरं वाटत नाही. पण परवा आमच्याच गल्लीत दुसऱ्या एका घरात आम्हाला घरकर्ज काढून देणारा तोच एजंट तीच कागदाची पिशवी घेऊन बसलेला दिसला आणि राहवलं नाही. बेळगाव, खानापूर, निपाणी भागात कुणी कर्ज काढून घर घ्यायच्या विचारात असाल तर जरा वेळ काढून वाचा. लांबलंय, पण आकडे सगळे सांगायलाच पाहिजेत.

आमचे हे उद्यमबागला एका मशीन शॉपमध्ये सीएनसी मशीनवर आहेत. पगार अर्धा खात्यात, अर्धा हातात. मी घरी ब्लाउज शिवते, फॉल पिको करते. वडगावात भाड्याच्या दोन खोल्यांत आम्ही ११ वर्षं काढली. २०२१ ला येळ्ळूर रोडच्या बाजूला एक छोटं तयार घर बघितलं, गच्चीवर गेलं की समोर राजहंसगड दिसतो, मुलांनी तिथंच हट्ट धरला. पंचायतीचे ९ आणि ११ नंबरचे उतारे नीट होते. बँकेत गेलो तर साहेबांनी खात्यात येतो तेवढाच पगार धरला आणि १२ लाखांच्या वर जमत नाही म्हणाले. आम्हाला पाहिजे होते २० लाख.

मग नणंदेच्या मिस्टरांच्या ओळखीतून हा एजंट आला. हाउसिंग फायनान्स कंपनीची, म्हणजे बँक नसलेल्या पण घरासाठी कर्ज देणाऱ्या कंपनीची कामं करतो म्हणाला. त्याचं नाव लिहीत नाही, कंपनीचंही लिहीत नाही. वैनी वैनी करून गोड बोलणारा, आमच्याकडंच चहा घेतला, मोबाईलवर काहीतरी आकडे टाकले आणि स्क्रीन माझ्यापुढं धरली. "वैनी, हे बघा, महिन्याला १८,८९४. फिक्स. वीस वर्षं यात एक रुपयाची वाढ नाही." व्याज ९ टक्के. मी विचारलं, एकूण किती भरायचं होतंय? तर म्हणाला, "एवढा पुढचा विचार केला तर कुणाचंच घर होणार नाही वैनी, हप्ता झेपतोय का तेवढं बघा की." आणि मी गप्प बसले. तो साधा गुणाकार तिथल्या तिथं करायला पाहिजे होता. १८,८९४ गुणिले २४०, म्हणजे ४५ लाख ३४ हजार ५६०. घेतलेल्या पैशाच्या दुपटीपेक्षा जास्त, आणि हे सगळं त्यानं सांगितलं तसं घडलं असतं तर.

सह्या करायला गेलो त्या दिवशी ऑफिसात गर्दी, आज शेवटची तारीख, उद्यापासून रेट वाढणार म्हणून घाई. पन्नासच्या वर पानं, सगळी इंग्रजीत, जिथं सही पाहिजे तिथं पेन्सिलीनं फुल्या मारलेल्या. हे फुल्या बघून सह्या करत गेले, मी त्यांच्याशेजारी बसून मला सांगतील तिथं केल्या. शेवटी एक कागद होता, त्यात लिहिलेलं की हा सगळा मजकूर कर्जदाराला त्याच्या भाषेत वाचून समजावून सांगितलाय. भाषेच्या जागी कन्नड लिहिलेलं. मी मराठी शाळेत शिकले, कन्नड बोलते, बाजारात, बसमध्ये सगळीकडं बोलते, पण वाचता येत नाही. आणि खरं सांगायचं तर कन्नडमध्ये काय, कुठल्याच भाषेत कुणी काही समजावलं नव्हतं. हा कागद काय आहे ते मला चार वर्षांनी कळलं.

घरात आलो आणि मी मुलाची चौकटीची वही घेतली, तीत २४० चौकटी आखल्या. दर महिन्याच्या ५ तारखेला हप्ता गेला की एक चौकट लाल पेनानं भरायची. कोरोनाच्या दुसऱ्या लाटेत शॉप बंद होतं तेव्हाही गळ्यातलं ठेवून हप्ता भरला, एकही चुकवला नाही. मार्च २०२५ ला ४८ चौकटी भरल्या. राहिल्या १९२.

एप्रिलमध्ये माझी भिशी लागली, ६० हजार. म्हटलं हे कर्जातच भरून टाकू. ऑफिसात गेले तर काउंटरवरच्या मुलीनं खात्याचं स्टेटमेंट काढून दिलं आणि म्हणाली, "मॅडम, तुमचे ३०२ हप्ते राहिलेत." मला वाटलं दुसऱ्याचं खातं उघडलंय. पिशवीतनं वही काढली, तिला चौकटी दाखवल्या, १९२ म्हटलं. तिनं परत बघितलं. ३०२च. आणि शिल्लक मुद्दल २० लाख ३ हजार आणि वर काही शेकडे. आम्हाला मिळालेले २० लाख. चार वर्षांत भरलेले ९ लाख ६ हजार ९१२. आणि शिल्लक २० लाखांच्या वर! मला तिथंच खुर्चीवर बसायला लागलं, त्या मुलीनं पाणी आणून दिलं.

खानापूरचे आमचे मामेसासरे बँकेतून रिटायर झालेत. त्यांच्याकडं सगळी फाईल घेऊन गेलो. त्यांनी दुपारभर बसून एकेक उलगडलं ते सांगते.

पहिलं म्हणजे कर्ज २० लाखांचं नव्हतंच, २१ लाखांचं होतं. एक लाख विम्याचा एकरकमी प्रीमियम, तो कर्जातच घातलेला. एजंटनं सांगितलेलं की विमा हा कर्ज देणाऱ्या कंपनीकडनंच मिळतोय, आम्हाला वाटलं फुकट. २० लाखांचा हप्ता ९ टक्क्यांनं १७,९९५ येतो. म्हणजे पहिल्या दिवशी माझ्यापुढं धरलेल्या त्या १८,८९४ मध्येच हे लाखाचं कर्ज मिसळलेलं होतं. लाखावर वीस वर्षं व्याज धरलं तर तो विमा जवळजवळ २ लाख १६ हजारांना पडतो, आणि विम्याची मुदत किती, तर १० वर्षं. विमा वाईट नाही, घरचा कमावता माणूस एकच असेल तर पाहिजेच, पण तो आपला आपण टर्म इन्शुरन्स, म्हणजे ठरावीक मुदतीचा साधा विमा, काढता येतो आणि कर्ज देणाऱ्याकडनंच घ्या अशी सक्ती कुणाला करता येत नाही. याशिवाय लॉगिन फी, म्हणजे अर्ज घालायची फी, ५,९०० आणि प्रोसेसिंगचे २४,७८० वेगळे गेले ते गेलेच.

दुसरं म्हणजे फिक्स. फिक्स होता तो फक्त हप्ता, व्याज नव्हे. मे २०२२ पासून रिझर्व्ह बँकेनं रेपो रेट, म्हणजे ती बँकांना ज्या व्याजानं पैसे देते तो दर, वाढवायला सुरुवात केली, ४ टक्क्यांवरनं फेब्रुवारी २०२३ पर्यंत साडेसहावर नेला. आमचं व्याज तीन टप्प्यांत ९ वरनं साडेदहा झालं. हप्ता तेवढाच ठेवला आणि मुदत वाढवत गेले. मामांनी कागदावर मांडून दाखवलं. हप्ता आला की आधी महिन्याचं व्याज कापून घेतात, उरेल ते मुद्दलात जातं. पहिल्या महिन्यात व्याज १५,७५० आणि मुद्दल ३,१४४. व्याज साडेदहा झाल्यावर जानेवारी २०२३ ला व्याज जवळजवळ १७,८२० आणि मुद्दल? १,०७४ रुपये. १८,८९४ भरतोय आणि फिटतंय हजारभर. चार वर्षांत फिटलेलं मुद्दल ९६ हजार, म्हणजे त्या विम्याच्या लाखाएवढंसुद्धा नाही.

२४० हप्त्यांचे ३५० झाले. ११० हप्ते जास्त, २० लाख ७८ हजार रुपये. आम्ही घेतलं तेवढं अख्खं कर्ज परत एकदा. हे ५९ वर्षांचे झाले की आम्ही मोकळे होणार होतो, ते ६८ व्या वर्षापर्यंत गेलं. मशीनपुढं १२ तास उभा राहणारा माणूस ६८ व्या वर्षी कुठला हप्ता भरणार?

मला सगळ्यात लागलं ते वेगळंच. मामांनी हिशोब केला की जानेवारी २०२३ ला आम्हाला कुणी विचारलं असतं, व्याज वाढलंय, हप्ता २० हजार ९२५ करता का, तर वीस वर्षांतच फिटलं असतं. महिन्याला २,०३१ रुपये जास्त. सगळे मिळून साडेचार लाखांच्या आत. मी आणखी चार ब्लाउज शिवले असते, रात्री जागले असते. २ हजारांसाठी आम्ही नाही म्हटलं नसतं. पण विचारलंच नाही आणि साडेचार लाखांच्या जागी पावणेएकवीस लाख आमच्या डोक्यावर ठेवले.

कंपनीत विचारलं तर म्हणाले मेल पाठवलेत. कुठल्या मेलवर? अर्जावर ईमेल आयडी आमचा नव्हताच, त्या एजंटनं स्वतःचाच कुठला तरी घातलेला. आमच्याकडं मेल नव्हतं म्हणून "मी भरतो, तुम्ही टेन्शन घेऊ नका" म्हणालेला. आमची सगळी पत्रं चार वर्षं त्याच्याकडं जात होती. आपल्या फॉर्मवर मोबाईल नंबर आणि मेल कुणाचा आहे ते स्वतःच्या डोळ्यांनी बघा, मेल नसेल तर मुलांकडनं काढून घ्या, दुसऱ्याचा घालू देऊ नका.

मामांनी सांगितलं की १८ ऑगस्ट २०२३ ला रिझर्व्ह बँकेनं नियमच काढलाय. व्याज बदललं की हप्त्यावर आणि मुदतीवर काय फरक पडतो ते कर्जदाराला कळवायचं, हप्ता वाढवायचा की मुदत की दोन्ही थोडं थोडं हे त्याला निवडू द्यायचं, आणि दर तीन महिन्यांनी किती व्याज गेलं, किती मुद्दल फिटलं, किती हप्ते राहिले याचं स्टेटमेंट द्यायचं. जुन्या कर्जांनाही लागू, आणि हाउसिंग फायनान्स कंपन्यांनाही. आम्हाला एकही स्टेटमेंट मिळालं नव्हतं.

आणि रेट उतरतो तेव्हा? २०२५ मध्ये रेपो फेब्रुवारीपासून उतरायला लागला, जूनमध्ये साडेपाचवर आला. आमचा साडेदहाच. बँकांना ऑक्टोबर २०१९ पासून फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या व्याजाच्या, होम लोनचं व्याज रेपोसारख्या बाहेरच्या दराशी बांधायला लागतं, हाउसिंग फायनान्सवाल्यांना ते बंधन नाही, ते स्वतःच्या पीएलआरवर, म्हणजे स्वतःच ठरवलेल्या मूळ दरावर, चालवतात. चढताना लगेच चढतं, उतरताना आपण जाऊन भांडल्याशिवाय उतरत नाही.

आम्ही आधी ते ६० हजार भरले. तिथला एक जण म्हणाला हप्ता कमी करून देतो, सोपं जाईल. मामा सोबत होते म्हणून बरं, त्यांनी हप्ता तोच ठेवून मुदत कमी करा असं अर्जावर लिहूनच घेतलं. ६० हजारांनी ३७ हप्ते कमी झाले, ७ लाखांच्या आसपास वाचले. फ्लोटिंग रेटच्या घरकर्जावर असं आधी पैसे भरायला दंड लावता येत नाही, कुणी मागितला तर देऊ नका. मग लेखी तक्रार दिली, पोच घेतली. आणि हे लक्षात ठेवा, बँकेविरुद्ध तक्रार असेल तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडं जाते, हाउसिंग फायनान्स कंपनीची मात्र नॅशनल हाउसिंग बँकेच्या ग्रिड्स पोर्टलवर, म्हणजे तक्रारीच्या वेबसाइटवर, करायला लागते. आम्ही आधी हेच चुकीच्या ठिकाणी करत होतो. पोर्टलवर तक्रार गेल्यावर मात्र कंपनीतनं फोन आला. तीन महिने हेलपाटे मारून शेवटी व्याज साडेनऊ झालं, मेल आणि नंबर आमचा झाला. आम्ही हप्ता २० हजार करून घेतला. आता १८५ हप्ते राहिलेत. विम्याचे पैसे परत मिळाले नाहीत, पॉलिसी परत करायची मुदत हातात कागद आल्यापासून मोजतात आणि ती केव्हाच संपलेली.

परवाच्या त्या घरात मी गेले. त्यांची सून डीएड झालेली, नीट ऐकून घेणारी. मी तिच्यापुढं वही ठेवली. तो म्हणत होता आजच सही करा, ऑफर उद्या संपते. १ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जाला की फॅक्ट स्टेटमेंट, म्हणजे कर्जाच्या मुख्य अटी आणि खर्च लिहिलेला कागद, द्यायलाच लागतं, कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत, आणि त्यातली अट निदान तीन कामाचे दिवस कायम ठेवायला लागते. तिनं तेच मागितलं, मराठीत. दोन दिवसांनी आलं. आम्ही दोघी रात्री ११ पर्यंत त्यांच्या स्वयंपाकघरात बसून एकेक ओळ वाचली. विमा होता, ८४ हजार. तिनं तो काढायला लावला, मेल आयडी स्वतःचा घातला आणि मग मला म्हणाली, काकू, चौकटीची वही कुठल्या दुकानात मिळते.