आठ महिने बकेट चिकन खाल्ल्यावर (मु. लातूर)

आठ महिन्यांत तळलेल्या चिकनची पंधराएक बकेटं (कागदी बादल्या) रिचवून मग लिहितोय. दुकानाचं नाव घेत नाही, गावात सध्या असल्या बकेटवाल्यांचं पीक आलंय. चव चांगली. घरी आणलं की वाफेनं मऊ पडतं, तिथंच बसून खा. सोबतची कोबीची गोड कोशिंबीर आमच्यात कुणी दुसऱ्यांदा तोंडात घातली नाही.

माझं दुखणं वेगळंच आहे. जपानची गोष्ट मी लोकांना हसत हसत सांगायचो. केएफसी ही तळलेल्या चिकनची अमेरिकन कंपनी तिथं 1970 ला गेली आणि 1974 ला 'नाताळ म्हणजे केंटकी' अशी जाहिरात देशभर केली. ख्रिश्चन शंभरात एखादा, 25 डिसेंबरला सुट्टीबी नाही, तरी लोक कैक आठवडे आधी बकेट सांगून ठेवतात. दुकानापुढच्या कर्नलच्या, म्हणजे कंपनीच्या संस्थापकाच्या पुतळ्याला सांताचा लाल अंगरखा चढतो. 1985 ला बेसबॉलचा हानशिन टायगर्स संघ जिंकला, तर ओसाकात चाहत्यांनी आनंदाच्या भरात असलाच एक कर्नल दोतोनबोरी नदीत फेकला. त्या वर्षानंतर संघाला देशाचं अजिंक्यपद मिळेचना. कर्नलचा शाप, म्हणे! 2009 ला पुतळा गाळातून निघाला, चष्मा आणि डावा हात गायब. अजिंक्यपद आलं ते 2023 ला. आपल्याकडं म्हसोबा कोपला तर कोंबडं देऊन भागतं. तिथं कोंबडं विकणाराच कोपला, आता त्याला काय देणार?

मग डिसेंबरात येळवस आली (आमच्याकडची वेळअमावस्या: शेतात कडब्याची कोपी करून त्यात पांडव पुजायचे, मग भज्जी म्हणजे मिसळीची भाजी, उंडे आणि आंबील असं तिथंच जेवायचं) आणि मोबाईलवर 'येळवस धमाका, एकावर एक फ्री'. भाचा म्हणतो, "मामा, भज्जी दरवर्षीचीच की. बकेट नेऊ शेतात." आईनं उंडे थापता थापता मान वर केली. "पांडवापुढं कोंबडं न्यायचं व्हय रे?" त्यानं तोडगा काढला, कोपीत नको, बांधावर ठेवू. म्हणजे विटाळाची हद्दसुद्धा पोरानं आखून दिली!

शेवटी बकेट आदल्या रात्रीच घरात संपवलं. शेतात लेकरांनी भज्जीवर असा हात मारला की मला दुसऱ्यांदा मिळाली नाही, हेही खरंच सांगतो.

निघताना शेजारच्या रानातल्या काकूंनी आंबील मागितली. आंबिलीचं मडकं, बिंदगं, द्यायचं नव्हतं, म्हणून आईनं गाडीत पडलेलं रिकामं बकेट पुसून त्यात ओतली. बांध ओलांडायच्या आत तळ सुटला आणि सगळी आंबील काकूंच्या लुगड्यावर.

पाचपैकी चार चांदण्या देणार होतो. तीन देतोय.