जोन ऑफ आर्कची ब्लू-रे, नक्की घ्या
डॅनिश दिग्दर्शक कार्ल ड्रायरचा, जोनच्या खटल्यावरचा मूकपट 'द पॅशन ऑफ जोन ऑफ आर्क' ज्यांनी फक्त यूट्यूबवरच्या धुरकट कॉपीत बघितलाय त्यांनी क्रायटेरियन या अमेरिकन कंपनीची २०१८ ची ब्लू-रे एकदा तरी लावाच, अगदी मनापासून सांगतेय. मुळात हा पिक्चर आपल्यापर्यंत पोचला हेच नशीब. १९२८ मध्ये रिलीज झाला आणि त्याच वर्षी डिसेंबरात बर्लिनच्या आगीत ओरिजिनल निगेटिव्ह जळाली, मग ड्रायरने न वापरलेले टेक्स (त्याच सीन्सची जास्तीची शूटिंगं) गोळा करून सगळा पिक्चर परत जोडला तर पुढच्या वर्षी ती निगेटिव्हपण आगीतच गेली! त्यानंतर कित्येक वर्षं लोक बघत होते त्या सगळ्या बदललेल्या, कापलेल्या प्रिंट्स. शेवटी १९८१ मध्ये ऑस्लोजवळच्या डिकेमार्क मनोरुग्णालयात एका कपाटात पहिल्या व्हर्जनची डॅनिश टायटल्सवाली (मूकपटात मधे येणाऱ्या संवादांच्या पाट्या) प्रिंट सापडली.

आता डिस्कबद्दल. गोमाँ या फ्रेंच फिल्म कंपनीचं रिस्टोरेशन जबरदस्त आहे. ड्रायरने कलाकारांना मेकअप लावू दिला नव्हता, त्यामुळे न्यायाधीशांच्या चामखिळी, सुरकुत्या, जोन झालेल्या फाल्कोनेत्तीचे कोरडे पडलेले ओठ सगळं स्वच्छ दिसतं. तिचे केस कापतात तो सीन तर मला सलग बघवत नाही, ती काही बोलत नाही नुसते डोळे भरून येतात आणि कॅमेरा पुन्हा पुन्हा तिच्याच चेहऱ्यावर येतो. पिक्चर जवळजवळ अख्खा चेहऱ्यांवरच आहे म्हणून प्रिंट चांगली असणं इथे इतकं महत्त्वाचं.

स्पीडचे दोन ऑप्शन आहेत, सेकंदाला २४ फ्रेम्सचा, म्हणजे ८१ मिनिटं, आणि २० चा, म्हणजे ९७. माझं मत विचाराल तर पहिल्यांदा २० वालाच बघा, त्याला मिए यानाशिताचा साधा पियानो आहे आणि प्रत्येक चेहऱ्याकडे बघायला वेळ मिळतो. डॅनिश टायटल्सवाला पर्यायही त्याच स्पीडला दिलाय. रिचर्ड आइनहॉर्नचं 'व्हॉइसेस ऑफ लाइट' हे संगीत २४ वर आहे, ऐकायला फार सुंदर पण कोरस सुरू झाला की जोनपेक्षा तोच मोठा वाटायला लागतो, ते दुसऱ्या वेळेला ठेवा. विल ग्रेगरी आणि एड्रियन अटली या संगीतकारांचा गिटार-सिंथवाला स्कोअर (पार्श्वसंगीत) मला नाही झेपला.

भारतातल्यांनी एक बघून घ्या, ब्लू-रे डिस्क ठरावीक रिजनच्या प्लेअरवरच चालतात; ही डिस्क रिजन ए आहे आणि आपण रिजन सी मध्ये येतो, म्हणजे रिजन ए चा किंवा रिजन-फ्री प्लेअर लागेलच. तो नसेल तर आधी प्लेअरची सोय करा, मग ऑर्डर टाका.